मशाल कोणाच्या हाती?

क्रीडामहोत्सवाची मशाल वाहण्याचा मान फिजिओथेरपी शिकविणाऱ्या एखाद्या प्राध्यापकास मिळाला की पुष्कळांच्या भुवया उंचावतात. ज्याने मैदान गाजविले नाही त्याला हा मान कशासाठी, असे विचारले जाते. आमच्या मते त्याहून योग्य हात मशालीस क्वचितच लाभतात.

२०१२ च्या लंडन ऑलिंपिकपूर्वी सत्तर दिवस ब्रिटनभर मशाल फिरली. ती वाहणारे आठ हजार होते आणि तितकीच छिद्रे मशालीच्या सोनेरी पत्र्यास पाडलेली होती. त्यांत नामवंत खेळाडू होते, तशीच शेजाऱ्यापाजाऱ्यांनी नाव सुचविलेली साधी माणसेही होती. या पंक्तीत फिजिओथेरपीच्या शिक्षकास स्थान का असावे, हे त्याच देशातील स्टोक मँडेव्हिल येथील रुग्णालयाचा इतिहास सांगतो.

तेथे १९४४ पासून डॉ. लुडविग गुटमन यांनी कण्यास इजा झालेल्या सैनिकांवर उपचार आरंभिले. असा रुग्ण फार काळ जगत नाही, ही तत्पूर्वीची समजूत त्यांनी मानली नाही. पाठीला क्षते पडू नयेत म्हणून रुग्णाची कूस दर दोन तासांनी बदलावयाची, शाबूत स्नायूंना बळ आणावयाचे आणि मग हाती धनुष्य द्यावयाचे, असा त्यांचा क्रम. २९ जुलै १९४८ रोजी लंडनमध्ये ऑलिंपिकचे उद्घाटन होत असता इकडे चाकाच्या खुर्चीत बसून सोळा जण तिरंदाजीची स्पर्धा खेळले. आजच्या पॅरालिंपिकचा उगम तो. म्हणूनच २०२४ च्या पॅरिस पॅरालिंपिकची ज्योत स्टोक मँडेव्हिलला प्रज्वलित झाली.

सांगली जिल्ह्यातील मुरलीकांत पेटकर १९६५ च्या युद्धात गोळ्यांनी जायबंदी झाले. १९७२ साली हायडेलबर्ग येथे पोहण्यात सुवर्णपदक जिंकून तेच पॅरालिंपिकमधील भारताचे पहिले सुवर्णविजेते ठरले. रुग्णशय्येपासून तरणतलावापर्यंतची अशी वाट कोणी एकट्याने चालत नाही. ती चालविणारे हात घडावेत म्हणून पोलिओच्या साथीनंतर, १९५३ साली, जागतिक आरोग्य संघटनेच्या साहाय्याने मुंबईच्या के. ई. एम. रुग्णालयात या विद्येचे देशातील पहिले विद्यालय निघाले. तरीही आपल्या लेखी फिजिओथेरपिस्ट म्हणजे मालिशवाला!

२०२३ साली राष्ट्रीय क्रीडा स्पर्धा गोव्यात भरल्या, याचा आम्हांस अभिमान आहे. परंतु माडावरून पडलेला पाडेली, रस्त्यावर हाडे मोडून घेतलेला तरुण, पक्षाघाताने खिळलेली आजी, यांची शस्त्रक्रिया वा औषधपाणी झाले की आपण हात झटकतो. खरी लढाई त्यानंतरची असते. रोज तेच दुखणे आणि तीच कसरत. आज बोट हलले, उद्या मनगट हलेल, एवढ्याच आशेवर महिने काढावयाचे. त्या महिन्यांत पाठीशी उभा राहणारा जाणता माणूस प्रत्येक तालुक्याच्या रुग्णालयात असावा, ही मागणी चैनीची नव्हे. आणि असा माणूस तयार करणारा शिक्षक तर आम्ही त्याहून मोठा मानतो, कारण एका पिढीच्या हातातील कसब तो दुसऱ्या पिढीच्या हाती सोपवितो. मशालयात्रा तरी दुसरे काय करते?

पुढील खेपेस आपल्या गावातून मशाल निघेल तेव्हा आयोजकांनी मंत्र्यांच्या आधी अशांची आठवण ठेवावी. स्वतः धावणारे पुष्कळ असतात. पडलेल्यास पुन्हा उभे करणारे थोडे.