रात्र चालवणारा माणूस

होळी झाली की पेठ तालुक्यातल्या पाड्यांवर भवाड्याचे दिवस येतात. मजुरीसाठी दिंडोरी-निफाडच्या द्राक्षबागांकडे गेलेली माणसं सणाला घरी परततात, नागली-भात कणगीत गेलेलं असतं, शेतं मोकळी असतात. जव्हार-मोखाड्याकडे याच उत्सवाला बोहाडा म्हणतात. देवादिकांचे आणि राक्षसांचे मुखवटे चढवून सोंगं रात्रभर नाचतात आणि शेवटी पहाटे देवीचं सोंग येतं. बाहेरून येणारे फोटो काढतात ते मुखवट्यांचे, लेख लिहितात तेही मुखवट्यांवर. मी मात्र गेले काही हंगाम संबळवाल्याच्या शेजारी जागा धरून बसतो. कारण ती रात्र तोच चालवतो, असं माझं ठाम मत झालं आहे.

एका पाड्यावरचे हे संबळवाले बाबा साठीच्या पुढचे. रात्रीची जेवणं उरकून लोक देवळापुढच्या मोकळ्या जागेत येऊ लागतात, त्याच्या बऱ्याच आधी त्यांचं काम सुरू झालेलं असतं. पाचोळ्याचा लहानसा जाळ करून ते संबळाची दोन्ही तोंडं शेकतात. एक भांडं मोठं, खर्जात बोलणारं. दुसरं लहान, चढ्या आवाजाचं. गारठ्यानं चामडं सैल पडलं की आवाज बसतो, म्हणून रात्रीतून तीन-चारदा तरी हा जाळ पुन्हा करावा लागतो. शेकता शेकता ते बोटाच्या पेरानं चामड्यावर टिचकी मारतात, कान जवळ नेतात, पुन्हा शेकतात. मग जोडी कमरेला बांधून दोन काठ्या हातात घेतात. एक सरळ, दुसरी टोकाशी वाकवलेली. वाकडी काठी मोठ्या तोंडावर पडते आणि थोडी घासत उठते. त्या घासण्यातून जो घुमारा निघतो, तो छातीत जाणवतो.

त्यांच्यासोबत दोन पिपाणीवाले असतात. एक चाल वाजवतो, दुसरा रात्रभर एकच सूर धरून ठेवतो. हा सूर धरणारा ताफ्यातला सगळ्यात तरुण मुलगा. गालात हवा साठवायची, ती सोडता सोडता नाकानं श्वास घ्यायचा आणि सूर तुटू द्यायचा नाही, हे त्याचं काम. पोराला वाजंत्री व्हायचं असेल तर त्याची सुरुवात इथूनच होते. चाल वाजवायला मिळण्याआधी त्याला सूर धरून इतरांचं ऐकत राहावं लागतं.

पहिलं सोंग गणपतीचं, मग शारदेचं. त्यानंतर एकामागून एक मारुती, भीम, रावण, त्राटिका, वीरभद्र, नरसिंह. सूत्रधार सोंगाचं नाव पुकारतो, पण सोंग अंगणात येतं ते संबळाच्या बोलावण्यावर. प्रत्येक सोंगाची चाल ठरलेली. शारदेची पावलं लहान आणि सारखी, मारुतीची उसळती, रावणाची जड. कोणतं सोंग कोणत्या घरानं नाचवायचं हा मान पिढ्यान् पिढ्या चालत आलेला असतो. त्यामुळे नाचणारा बदलला तरी त्या घराची ढब राहते. बाबांना ती प्रत्येक ढब ठाऊक आहे. मी त्यांना विचारलं, “बाबा, कोणतं सोंग येतंय ते तुम्हाला आधी सांगून ठेवतात का?” ते म्हणाले, “सांगाया कशाला लागतं? पाय पडला का समजतं.”

मुखवट्याच्या आत असलेल्या माणसाला फारसं काही दिसत नाही. डोळ्यांच्या किंवा नाकाच्या जागी असलेल्या फटीतून जमिनीचा एवढासा तुकडा दिसतो, बस. डोक्यावर भार, समोर दिव्यांचा झगमगाट, भोवती गर्दी. तो माणूस कानांवर नाचतो. म्हणून वाजंत्री सोंगाकडे तोंड करून उभे राहतात आणि सोंग पुढे आलं की मागे मागे सरकतात. बाबांची नजर सोंगाच्या मुखवट्यावर कधी जात नाही. ती गुडघ्यांवर असते. पाऊल उचलण्याआधी गुडघा सांगतो, असं त्यांचं म्हणणं. गुडघा वाकला की त्यांची सरळ काठी हवेत उठते, आणि टाच टेकते तेव्हाच ती चामड्यावर येते. समोरून बघणाऱ्याला वाटतं, नाचणारा ठेक्यावर नाचतोय. शेजारी बसल्यावर कळतं की ठेका नाचणाऱ्याच्या पायावर बसवला जातोय, आणि तोही असा की नाचणाऱ्याला तो आधीपासून तिथेच होता असं वाटावं.

एका रात्री रावणाचं सोंग अंगणाच्या मधोमध आलं आणि दहा तोंडांच्या चौकटीची एक दोरी सुटली. चौकट डावीकडे कलली. नाचणारा थबकला. दोघं जण धावत गेले आणि मागून गाठ बांधू लागले. एवढ्या वेळात अंगणातला जीव जायला हवा होता. बाबांनी पूर्ण ठेका सोडून दिला आणि फक्त मोठ्या तोंडावर एकेक सुटा ठोका ठेवला, संथ, सारख्या अंतरानं. पिपाणीवाल्याकडे न बघता त्यांनी हनुवटी जराशी खाली केली. त्यानं चाल थांबवून वरच्या षड्जावर मुक्काम केला. रावण जागच्या जागी उभा, पण त्या ठोक्यांवर तो दम खाऊन डरकाळी फोडायच्या बेतात उभा आहे असंच लोकांना वाटत राहिलं. लेकरं आईला बिलगली. गाठ पक्की झाली, नाचणाऱ्यानं खांदे हलवून चौकट तोलली, आणि त्याच क्षणी लहान तोंडावर काठी कडाडली. चाल पुन्हा सुरू झाली. गर्दीतल्या कितीकांना दोरी सुटल्याचं कळलंही नसेल.

याहून अवघड काम वाऱ्याचं. देवीच्या सोंगात किंवा वीरभद्राच्या सोंगात नाचणाऱ्याच्या अंगात वारं येतं. लय चढवत नेली की वारं चढतं, हे सगळ्यांना दिसतं. ते उतरवायचंही वाजवूनच, हे कमी जणांच्या लक्षात येतं. बाबा अचानक थांबत नाहीत. ठेका तोच ठेवून ते आधी आवाज कमी करतात, मग एकेक ठोका गाळत जातात. नाचणाऱ्याचा श्वास जागेवर येईपर्यंत ते त्याच्या जवळ उभे असतात. चढवणं तरण्या पोरांनाही जमतं, असं ते सांगतात. उतरवता येऊ लागलं की माणूस ताफा सांभाळायला लायक झाला.

हे बघताना मला नेहमी आठवण होते ती वृंदवादन चालवणाऱ्या संचालकांची. युरोपात सतराव्या शतकात जाड काठी जमिनीवर आपटून ताल दिला जाई. पॅरिसमध्ये संगीतकार लुलीनं ती स्वतःच्याच पायावर मारून घेतली आणि त्या जखमेनं 1687 साली त्याचा मृत्यू झाला. हातात छोटी काठी घेऊन मूकपणे वृंद चालवायची रीत एकोणिसाव्या शतकात रुळली. मुंबईत 1936 साली जन्मलेले झुबिन मेहता त्याच काठीवर लॉस एंजलिस आणि न्यूयॉर्कचे वृंद वर्षानुवर्षं चालवत राहिले. तिथला संचालक स्वतः आवाज काढत नाही, बाबा वाजवत वाजवत चालवतात, एवढा फरक आहे. दोघांचं काम मात्र एकच: पुढचा क्षण इतरांच्या आधी ओळखायचा आणि सगळ्यांना एकदम तिथे आणायचं.

मराठी मुलखात हे काम नाटक, चित्रपट आणि मैफल अशा तिन्ही ठिकाणी तेवढ्याच ताकदीनं केलेला माणूस म्हणजे वसंत देसाई. 1912 साली आजच्या सिंधुदुर्ग जिल्ह्यातल्या सोनवड्यात, दशावताराच्या मुलखात, त्यांचा जन्म झाला. ते ‘प्रभात’मध्ये घडले आणि पुढे व्ही. शांताराम यांच्या ‘राजकमल’चे संगीतकार झाले. ‘शकुंतला’, ‘अमर भूपाळी’, ‘झनक झनक पायल बाजे’, ‘दो आँखें बारह हाथ’ ही त्यांची कामं घराघरांत पोचली. 1959 च्या ‘गूँज उठी शहनाई’त त्यांनी उस्ताद बिस्मिल्ला खाँ यांची शहनाई वाद्यमेळात अशी बसवली की मेळ मोठा असूनही शहनाईचा श्वास दबला नाही. रंगभूमीवर विद्याधर गोखले यांच्या ‘पंडितराज जगन्नाथ’ला आणि ‘जय जय गौरीशंकर’ला त्यांचं संगीत होतं. तिथे मोजकी साथ आणि समोर जिवंत नट. नटाला दम कमी पडला तर साथीला थांबावंच लागतं, कारण नाटकाला दुसरा टेक नसतो. 1973 च्या ‘अचानक’मध्ये एकही गाणं नव्हतं, सगळी मदार पार्श्वसंगीतावर. आणि 1966 साली एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांनी संयुक्त राष्ट्रसंघाच्या सभागृहात गायलेल्या ‘मैत्रीं भजत’ या संस्कृत रचनेची चालही त्यांचीच. शाळकरी मुलांचे प्रचंड मोठे समूह उभे करून त्यांच्याकडून एका सुरात गाऊन घेण्याचं कामही त्यांनी मन लावून केलं.

गाणं न शिकलेल्या शेकडो मुलांचा श्वास एकत्र आणणं आणि रेकॉर्डिंगच्या खोलीत कसलेल्या वादकांकडून काम करून घेणं, या दोन वेगळ्या विद्या आहेत. मुलांसमोर हात मोठा आणि स्पष्ट लागतो, वादकांसमोर भुवई पुरते. देसाईंना दोन्ही साधल्या. अष्टपैलू हा शब्द आपण सहज वापरतो. माझ्या मते त्याचा खरा अर्थ असा की, समोरच्याला काय हवं आहे ते ओळखून ज्याला स्वतःची रीत बदलता येते, तो अष्टपैलू.

त्या काळी मुंबईत गाण्याचं रेकॉर्डिंग म्हणजे गायक, कोरस आणि सगळे वादक एकाच वेळी, एका दमात. शेवटच्या ओळीत एक व्हायोलिन चुकलं तरी सगळं पहिल्यापासून. संगीतकारानं बांधलेल्या चालीला वाद्यांची वस्त्रं चढवणारे आणि वादकांपुढे उभे राहून ती वाजवून घेणारे अरेंजर-कंडक्टर बहुतांशी गोव्याचे. सेबॅस्टियन डिसोझा, फ्रँक फर्नांड, माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस. गोन्साल्विस यांनी 1958 साली मुंबईत ‘इंडियन सिंफनी ऑर्केस्ट्रा’ उभा केला, रागांवर आधारलेल्या रचना मोठ्या वृंदाकडून वाजवून घेतल्या आणि लता मंगेशकर, मन्ना डे यांना त्या वृंदासोबत गायला उभं केलं. त्यांचे शिष्य प्यारेलाल यांनी 1977 च्या ‘अमर अकबर अँथनी’मध्ये गुरूचं नाव गाण्यात गुंफलं. ते गाणं देशभर गाजलं, पण ते नाव एका खऱ्याखुऱ्या संगीतकाराचं आहे हे लोकांना कळायला फार वर्षं गेली. रेकॉर्डवर गायकाचं नाव, संगीतकाराचं नाव. वृंद चालवणाऱ्याचं नाव क्वचितच छापलं गेलं.

पेठमध्येही तेच आहे. भवाड्याच्या फलकावर मंडळाचं नाव असतं, पाहुण्यांची नावं असतात, देणगीदारांची यादी असते. संबळवाल्याचं नाव नसतं. आणि या माणसाचा पसारा तर बघा. भवाडा हे त्याचं नाटक. लग्नसराई ही त्याची खरी कमाई. सुपारी घेतली की हळदीपासून वरातीपर्यंत त्याचाच ताफा. हळदीला वेगळा ठेका, नवरदेव मांडवात येताना वेगळा, रात्री बाया-गडी हात धरून फेर धरतात तेव्हा आणखी वेगळा. फेरात म्हातारी माणसं शिरली की लय दोन बोटं खाली, पोरं शिरली की वर. हल्ली संबळ-पिपाणीच्या चाली मोबाइलवर फिरतात, नाशिकच्या स्टुडिओत रेकॉर्ड होतात, त्याही याच हातांच्या. मार्गशीर्षात डोंगऱ्या देवाचा उत्सव येतो तेव्हा मान पावरीचा, दुधी भोपळ्याच्या त्या वाद्याचा. तेव्हा बाबा संबळ खुंटीला टांगून गर्दीत बसून ऐकतात. दुसऱ्याचं वाद्य चालू असताना गप्प बसता येणं हाही या विद्येचाच भाग आहे.

आता लग्नात डीजेचा टेम्पो येतो. त्याला माझा राग नाही, पोरांना ते आवडतं. पण डीजेला समोरचा गुडघा दिसत नाही. म्हातारी फेरात आली म्हणून तो लय उतरवत नाही, दोरी सुटली म्हणून थांबत नाही. माणसाकडे बघून वाजवणारा माणूस गेला तर वाद्य संग्रहालयात ठेवता येईल, चाली रेकॉर्ड करून ठेवता येतील. पण नजर रेकॉर्ड होत नाही. ती शेजारी उभं राहून, सूर धरून, वर्षानुवर्षं बघूनच शिकावी लागते.

म्हणून तीन गोष्टी मागतो. भवाडा भरवणाऱ्या मंडळांनी फलकावर पाहुण्यांच्या आधी ताफ्याची नावं छापावीत आणि बिदागी रात्र संपायच्या आत हातात द्यावी. आश्रमशाळांनी गॅदरिंगला रेकॉर्ड केलेली गाणी लावण्याऐवजी गावातल्याच एखाद्या संबळवाल्याला बोलवावं आणि दोन पोरं त्याच्या हाताखाली द्यावीत. आणि पुढच्या होळीनंतर तुम्ही नाशिकहून कोटंबीचा घाट ओलांडून भवाडा बघायला याल, तेव्हा मुखवट्यांचे फोटो जरूर काढा, पण थोडा वेळ संबळवाल्याच्या शेजारी बसा, त्याचं नाव विचारा आणि लिहून घ्या.