जुन्या लाकडावरचे दगडफूल

गोडा मसाला करताना धने, तीळ, खोबरे यांच्याबरोबर आपण थोडे दगडफूलही परतून घेतो. काळपट-करडे, चुरगळलेल्या कागदासारखे. नाव दगडफूल, पण ते फूल नव्हे आणि बाजारात येणारे बरेचसे दगडावरचेही नसते. झाडांच्या सालीवरून ते खरवडून काढलेले असते. शास्त्रीय मराठीत या मंडळींना शैवाक म्हणतात.

शैवाक म्हणजे दोघांचा संसार. बुरशी घर बांधते आणि ओल धरते. आत राहणारे शैवाल उन्हावर अन्न तयार करते. १८६७ मध्ये सिमोन श्वेंडेनर या स्विस शास्त्रज्ञाने हे सांगितले, तेव्हा अनेकांना ते पटले नव्हते.

या संसाराला मुळे नाहीत. पाणी आणि क्षार पावसातून, हवेतून मिळतील तेवढेच. पानावर असतो तसा मेणाचा थरही अंगावर नाही. त्यामुळे हवेत गंधकाचा धूर मिसळला की तो सरळ आत शिरतो. पॅरिसच्या लक्झेंबर्ग बागेत शैवाके आहेत आणि शहरात इतरत्र नाहीत, हे पाहून विल्यम नीलांडर यांनी १८६६ मध्येच त्यांचा हवेच्या शुद्धतेशी संबंध जोडला.

मी राहतो चिंचवडला. शेजारच्या पिंपरीत १९५४ मध्ये हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना उभा राहिला, पुढे सारा पट्टाच उद्योगांचा झाला. आमच्याकडच्या बुंध्यांवर चुन्याचे शिंतोडे उडावेत तसे पांढरट डाग दिसतात. ते सालीला घट्ट चिकटून राहणारे, सोशिक प्रकार. पानांसारखी पसरलेली नाजूक शैवाके पाहायची तर भीमाशंकर किंवा महाबळेश्वरचे जंगल गाठावे.

तिथे स्वच्छ हवेइतकेच महत्त्व जुन्या लाकडाला आहे. भेगाळलेली साल, पोकळ खोड, उन्मळून पडलेला ओंडका यांवरच काही जाती रुजतात. त्यांची वाढ बहुधा वर्षाला काही मिलिमीटर. युरोपात ‘लोबारिया पल्मोनारिया’ हे शैवाक दिसले, की ते रान दीर्घकाळ टिकून आहे असे अभ्यासक मानतात. आपल्याकडे पडलेले लाकूडही न उचलण्याची रीत अनेक देवरायांनी पाळली. त्या देवरायांचा अभ्यास माधव गाडगीळ आणि व्ही. डी. वर्तक यांनी १९७० च्या दशकात केला. वर्तक ज्या पुण्याच्या संस्थेत होते, त्याच आजच्या आघारकर संशोधन संस्थेत शैवाकांवरही मोठे काम झाले आहे.

म्हणूनच जुन्या झाडाच्या बदल्यात रोपे लावली की हिशेब मिटला, असे मला वाटत नाही. रोप काही वर्षांत सावली देईल. भेगाळलेली साल द्यायला त्याला कित्येक दशके लागतील. तेव्हा कुऱ्हाड लावण्यापूर्वी झाड वाचवता येईल का, हे आधी विचारावे. रानात पडलेला ओंडका तिथेच राहू द्यावा. आणि मसाल्यात दगडफूल चिमूटभरच घालावे. स्वादाला तेवढे पुरते.