एम्युलेटरला बायॉस फाइल कशाला लागते?
सोनीचं पहिलं प्लेस्टेशन १९९४ साली जपानमध्ये आलं. त्याच्या रॉम चिपमध्ये ५१२ केबीचा एक प्रोग्रॅम असतो, तोच बायॉस. मेमरी कार्ड हाताळण्यासारख्या कामांसाठी गेम त्याचीच मदत घेतो. मग एम्युलेटरपुढे दोन वाटा: खऱ्या कन्सोलमधून काढलेली फाइल वापरायची, नाहीतर ती कामं करणारा कोड नव्याने लिहायचा. कनेक्टिक्स कंपनीने दुसरी वाट धरली. त्यासाठी सोनीच्या बायॉसच्या प्रती काढून अभ्यास करणं अमेरिकी अपील न्यायालयाने २००० साली वैध ठरवलं.

पण नवा कोड थोडा जरी वेगळा वागला, तर गेम अडकू शकतो. मग दोष कुणाचा, गेमचा की बायॉसचा? म्हणून बायॉसची आवृत्ती आणि फाइलचा चेकसम नोंदवून ठेवा. तुमच्या संशोधनातही तसंच: खाली कोणतं सॉफ्टवेअर चालत होतं हे लिहिलं नसेल, तर तुमचा निकाल दुसऱ्या कुणी पडताळायचा कसा?