दुसऱ्या क्रमांकाचे अर्थशास्त्र

परीक्षेचा निकाल असो वा निवड समितीची यादी असो, "दुसरा आला" असे कोणी सांगितले की आपल्याकडे पुढचा प्रश्न ठरलेला असतो, "मग पहिला कोण?" विचारणाऱ्याच्या मनात कुत्सितपणा असतोच असे नाही. परंतु त्या एका प्रश्नाने उत्तर देणाऱ्याचे सारे परिश्रम दुसऱ्याच कोणाच्या तरी यशाचे परिशिष्ट होऊन बसतात. हे दुसरेपण माणसाच्या कर्तृत्वात असते की स्पर्धेच्या नियमांतून उत्पन्न होते, याचा विचार सहसा कोणी करीत नाही. तो करावयाचा तर रेमाँ पुलिदोर या फ्रेंच सायकलपटूच्या कारकिर्दीइतके बोलके उदाहरण सापडणे कठीण आहे.

पुलिदोर १९३६ साली मध्य फ्रान्समधील एका खेड्यात, अर्धेलीने जमीन कसणाऱ्या कुटुंबात जन्मला. 'टूर द फ्रान्स' ही सुमारे तीन आठवडे चालणारी शर्यत तो चौदा वेळा धावला. रोजच्या टप्प्यांचा वेळ एकत्र मोजून ज्याचा वेळ सर्वांत कमी, तो आघाडीवर आणि पिवळ्या जर्सीचा मानकरी, असा तिचा नियम. पुलिदोर १९६४, १९६५ आणि १९७४ साली दुसरा आला, तर पाच वेळा तिसरा. पिवळी जर्सी मात्र त्याच्या अंगावर एक दिवसही चढली नाही. फ्रेंच भाषेत त्याचे आडनाव हे 'कायमचा दुसरा' या अर्थाचे सामान्यनाम होऊन बसले.

यांपैकी १९६४ ची शर्यत बारकाईने पाहण्यासारखी आहे. प्रतिस्पर्धी होता जॅक आँकतील. त्यापूर्वी चार वेळा ही शर्यत जिंकलेला. मोनाको येथे टप्प्याचा शेवट एका मैदानातील धावपट्टीवर होता. पुलिदोरने एक फेरी शिल्लक असतानाच शर्यत संपली असे समजून जोर लावला. टप्पा आँकतीलने जिंकला आणि विजेत्याला मिळणारी एक मिनिटाची सवलत त्याच्या खाती जमा झाली. पुढे तुलूझच्या टप्प्यात पुलिदोरला सायकल बदलावी लागली आणि पुन्हा निघताना त्याच्याच मेकॅनिकने दिलेल्या धक्क्याने तो खाली पडला. तेथे दोन मिनिटांहून अधिक वेळ गेला. १२ जुलैला प्यूइ द दोम या डोंगराच्या चढावर दोघे खांद्याला खांदा भिडवून चढत होते. माथ्याजवळ आँकतील मागे पडला, पण एकूण वेळेत त्याची आघाडी चौदा सेकंदांनी टिकली. दोन दिवसांनी शर्यत पॅरिसला संपली तेव्हा दोघांत पंचावन्न सेकंदांचे अंतर होते.

आता थोडे गणित करू. (अर्थशास्त्राच्या अध्यापकाला ही खोड असतेच.) विजेत्याचा एकूण वेळ १२७ तास ९ मिनिटे ४४ सेकंद होता. म्हणजे दोघांतील फरक सुमारे ८,३०० सेकंदांमागे एक सेकंद इतका! टप्पा जिंकल्याबद्दल एक मिनिट वजा करावयाचे, हा नियम आयोजकांनी केलेला. तो अर्ध्या मिनिटाचा असता तर हिशेब निराळा झाला असता. आँकतीलचे श्रेष्ठत्व नाकारण्याचे कारण नाही. एकट्याने घड्याळाविरुद्ध धावण्यात त्या काळी त्याला तोड नव्हती. मात्र फरक एवढासा आणि त्याचे फळ एवढे मोठे, हे प्रमाण कोठून आले?

याचे उत्तर १९८१ साली एडवर्ड लेझिअर आणि शेर्विन रोझेन या दोन अमेरिकन अर्थशास्त्रज्ञांनी दिले. प्रत्येकाचे काम स्वतंत्रपणे मोजणे अवघड वा खर्चिक असेल, तर नुसता क्रम लावून पहिल्याला मोठे बक्षीस देणे मालकाला परवडते. बक्षिसांतील तफावत सर्वांनी जिवापाड श्रम करावेत म्हणून ठेवलेली असते. ती दोघांच्या गुणवत्तेतील तफावतीचे माप नसते. हे एकदा ध्यानात आले की दुसरा क्रमांक ही मजकुराची किंमत, असे आपण धरून चालतो ते किती भोळेपणाचे आहे हे कळते.

आणि तरीही सल राहतोच. १९९२ च्या बार्सिलोना ऑलिंपिकमधील चित्रफिती पाहून काही अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी १९९५ साली एक निष्कर्ष प्रसिद्ध केला: रौप्यपदक मिळालेल्यांपेक्षा कांस्यपदक मिळालेले खेळाडू अधिक आनंदी दिसतात. रौप्यवाल्याच्या मनात हुकलेले सुवर्ण असते, कांस्यवाल्याच्या मनात हुकलेला चौथा क्रमांक.

पुलिदोरला हा सल कसा सोसला? त्याचा स्वभाव शांत होता, हे खरे. शिवाय 'कायमचा दुसरा' ही उपाधी त्याच्या विजयांवर अन्याय करणारी होती. १९६१ साली त्याने मिलान-सान रेमो शर्यत जिंकली, १९६४ मध्येच स्पेनची मोठी शर्यत जिंकली, आणि १९७२ साली, छत्तिशीच्या उंबरठ्यावर, एडी मर्क्ससारख्या महारथीला पॅरिस-नीस शर्यतीत हरवले. पण मला त्याहून महत्त्वाची वाटते ती दुसरी गोष्ट. तो नोकरदार सायकलपटू होता. टूर हुकली तरी संघाचे वेतन चालू असे, आणि उन्हाळ्यात गावोगावच्या लहान शर्यतींत त्याला हजेरीचे मानधन मिळे. लोकांचे प्रेम आँकतीलपेक्षा त्याच्यावर अधिक होते. आपले दुर्दैव जितके वाढले तितकी लोकप्रियता आणि कमाईही वाढली, असे तो स्वतःच सांगे. चाळिसाव्या वर्षी, १९७६ साली, तो पुन्हा टूरमध्ये उतरला आणि तिसरा आला. त्याच्या चिवटपणाला धैर्याइतकाच या नियमित मिळकतीचा आधार होता, असे माझे मत आहे.

आपल्या स्पर्धा परीक्षांच्या विद्यार्थ्यांना आपण चिवटपणाचा उपदेश करतो तेव्हा नेमका हा भाग गाळतो. पुण्यात सदाशिव पेठेतल्या खोलीत राहून राज्यसेवेचा अभ्यास करणारा मुलगा पूर्वपरीक्षा उत्तीर्ण होतो, मुख्य परीक्षा उत्तीर्ण होतो, मुलाखतीपर्यंत पोहोचतो आणि अखेरच्या रेषेखाली पहिला राहतो. ती रेषा कोठे पडावी हे त्या वर्षी शासनाने किती पदे मागितली यावर ठरते. जागा एकाने वाढली असती तर तोच मुलगा अधिकारी म्हणून गावात मिरवला असता. त्याला गावोगावच्या लहान शर्यती नाहीत आणि संघाचे वेतनही नाही. घरून येणारी मनीऑर्डर गेली आणि फोनवरून पैसे येऊ लागले, एवढाच काय तो बदल. वडिलांनी जमिनीचा तुकडा विकला असेल तर तेही बोलणे फोनवरच होते.

केंद्रीय लोकसेवा आयोगाने २०१८ मध्ये याबाबत एक शहाणपणाचे पाऊल उचलले. मुलाखतीपर्यंत पोहोचून निवड न झालेल्या, आणि तशी संमती देणाऱ्या उमेदवारांची माहिती इतर नोकरी देणाऱ्यांना उपलब्ध करून देण्याची योजना त्याने सुरू केली. २०२५ मध्ये तिचेच नामकरण 'प्रतिभा सेतू' असे झाले. अर्थशास्त्राच्या भाषेत सांगावयाचे तर, लाखोंमधून काही हजार निवडण्याचा खर्च सरकारने केलेलाच असतो. ती माहिती कपाटात बंद ठेवणे ही निव्वळ उधळपट्टी आहे. मुलाखतीच्या दारातून परतलेल्या मुलाची आकलनशक्ती आणि लेखनशक्ती जितकी कसून तपासलेली असते, तितकी कोणतीही बँक किंवा सहकारी संस्था स्वतःच्या खर्चाने तपासू शकणार नाही.

अशी मुले पुढे आमच्याकडे शिफारसपत्र मागण्यासाठी येतात. अर्जात 'अनुभव' नावाचा रकाना असतो. पदवीनंतरची चार-पाच वर्षे त्यात बहुतेक जण कोरी सोडतात. दोनदा मुख्य परीक्षा उत्तीर्ण झालास, एकदा मुलाखत दिलीस, हे तेथे लिही, असे सांगितले तर ती संकोचतात आणि म्हणतात, "सर, निवड तर झाली नाही ना."