सपाट मुलखातले मेरू

तंजावरहून कुंभकोणमला जाताना चाळीस किलोमीटरभर दोन्ही बाजूंना भातखाचरे, केळीच्या बागा, नारळ आणि कालवे दिसतात. टेकडी म्हणावी असा उंचवटा कुठे नाही. कावेरी आणि अरसलार या नद्यांच्या मधोमध वसलेले कुंभकोणम समुद्रसपाटीपासून जेमतेम पंचवीस मीटर उंच. अशा या गावाची जन्मकथा मात्र सुरू होते ती विश्वातल्या सर्वांत उंच पर्वतावर.

तो पर्वत म्हणजे मेरू. विष्णुपुराणातला हा सोन्याचा पर्वत जमिनीवर ८४ हजार योजने उंच आणि जमिनीखाली १६ हजार योजने खोल आहे. त्याचा माथा ३२ हजार योजने रुंद, तर पायथा त्याच्या निम्मा. म्हणजे खाली निमुळता आणि वर पसरट. दक्षिणेला हिमवान, हेमकूट आणि निषध, उत्तरेला नील, श्वेत आणि शृंगी अशा रांगा. त्याला चहूबाजूंनी टेकू देणारे मंदर, गंधमादन, विपुल आणि सुपार्श्व हे चार पर्वत, आणि त्यांच्यावर अनुक्रमे कदंब, जांभूळ, पिंपळ आणि वड. त्या जांभळांच्या रसाची नदी वाहते आणि तिच्या काठच्या मातीचे सोने होते. या साऱ्या पसाऱ्यातला हिमवान तेवढा आपल्या नकाशावर बोट ठेवून दाखवता येतो.

मेरूवरून आलेला घडा

प्रलय जवळ आला तेव्हा ब्रह्मदेवाला सृष्टीच्या बीजांची काळजी पडली. शंकराच्या सांगण्यावरून त्याने मातीच्या घड्यात अमृत आणि बीजे भरली, त्यावर आंब्याची पाने आणि नारळ ठेवला, सूत गुंडाळले आणि तो कुंभ मेरूच्या शिखरावर ठेवला. पाणी चढले, घडा तरंगत दक्षिणेला आला. किराताच्या वेषातल्या शंकराने बाण मारून तो फोडला आणि अमृतात भिजलेल्या वाळूचे लिंग केले. तेच आदिकुंभेश्वर. लिंग वाळूचे, म्हणून त्याला पाण्याचा अभिषेक करत नाहीत. बाण सुटला ती जागा, नारळ पडला ती जागा, सूत पडले ती जागा अशी निरनिराळी देवळे गावात आहेत. सांडलेले अमृत साठले तो महामहम तलाव. दर बारा वर्षांनी माघ महिन्यात, गुरू सिंह राशीत असताना, तिथे लाखो लोक स्नानाला येतात. नाशिकच्या सिंहस्थाशी नाते लगेच जुळावे असा हा योग. तलावाभोवतीचे सोळा मंडप नायक राजांचे मंत्री गोविंद दीक्षित यांनी बांधवले.

डोंगराच्या देवासाठी डोंगर

कुंभकोणमपासून काही किलोमीटरवर स्वामिमलै आहे. ‘मलै’ म्हणजे डोंगर. पण हा डोंगर माणसांनी रचलेला. कारण उघड आहे. प्राचीन तमिळ संघसाहित्याने भूमीचे पाच प्रकार मानले आणि त्यांतला डोंगराळ मुलूख मुरुगनला, म्हणजे आपल्या कार्तिकेयाला दिला. आपल्याकडे ब्रह्मचारी असलेला हा देव तिथे वल्ली आणि देवसेना या दोघींचा नवरा आहे. त्याच्या सहा प्रमुख स्थानांपैकी पळनी, तिरुत्तणी यांना निसर्गाने डोंगर दिला. स्वामिमलैला तो मिळाला नाही, तेव्हा भक्तांनी उभारला. वर जायला साठ पायऱ्या: प्रभव, विभव अशी साठ संवत्सरे. गुढीपाडव्याला पंचांगात आपण वाचतो तीच ही नावे. मुलाने बापाला, म्हणजे शंकराला, ओंकाराचा अर्थ सांगितला तो इथेच, असे मानतात. म्हणून बापाचे देऊळ पायथ्याशी आणि मुलाचे माथ्यावर.

डोंगर हलवता येतो, ही कल्पनाही याच परंपरेतली. इडुंबन नावाच्या असुराने अगस्त्यांच्या आज्ञेवरून दोन टेकड्या कावडीत घालून दक्षिणेला आणल्या आणि पळनीला टेकवल्या, अशी कथा आहे. तमिळ भक्त खांद्यावर कावडी घेऊन नाचतात ती त्याच ओझ्याची आठवण. तसे पाहिले तर कावेरीही हेच काम करत आली आहे. ती उगम पावते कोडगूच्या ब्रह्मगिरीत, म्हणजे सह्याद्रीतच. त्रिभुज प्रदेशातला गाळ हा वाटेतल्या डोंगरांचा चुरा. स्वामिमलैचे स्थपती पंचधातूच्या मूर्ती ओततात तेव्हा मेणाच्या प्रतिकृतीवर कावेरीकाठच्या याच मऊ मातीचा लेप देतात.

दक्षिणमेरू

रचलेल्या डोंगरांचा कळस तंजावरला आहे. पहिल्या राजराज चोळाने १०१० मध्ये पूर्ण केलेल्या बृहदीश्वराच्या देवळाचे विमान, म्हणजे गाभाऱ्यावरचे शिखर, तेरा मजली, सुमारे ६६ मीटर उंच आहे. ग्रॅनाइटचा दगड त्या मुलखात मिळत नाही. तो लांबून आणावा लागला. देवळातल्या शिलालेखांत एका उत्सवमूर्तीचे नाव ‘दक्षिणमेरु विटंकर’ असे येते. उत्तरेतला मेरू कोणी पाहिला नव्हता, दक्षिणेतला मात्र बांधून झाला होता. कंबोडियातल्या अंगकोर वाटची पाच शिखरे हीसुद्धा मेरूचीच शिखरे, आणि तोही मुलूख सपाटच.

महाराष्ट्रात नेमके उलटे घडले. डोंगरांची ददात नव्हती, तेव्हा वेरूळला आठव्या शतकात अख्खा डोंगर वरून खाली कोरत नेऊन त्यातून कैलास काढला. इकडे दगड वजा करत गेले, तिकडे दगडावर दगड चढवत गेले. पुराणांनी सांगितलेल्या पर्वताला दोन्हीकडच्या कारागिरांनी हिशेबात बसवले, त्याला मजले, मापे आणि पायऱ्या दिल्या. कल्पनेतला पर्वत टिकला तो या मेहनतीमुळे.

या दक्षिणमेरूवर मराठीचाही हक्क आहे. तंजावरचे मराठी राजे दुसरे सरफोजी भोसले यांनी १७९९ च्या तहाने राज्याचा कारभार इंग्रजांच्या कंपनीकडे सोपवला. हाती तंजावरचा किल्ला आणि भोवतालचा थोडा भाग उरला. १८०३ मध्ये त्यांनी भोसले घराण्याचा इतिहास बृहदीश्वराच्या आवारातल्या भिंतीवर मराठीत कोरवून घेतला. ज्या घराण्याने सह्याद्रीच्या गडांवर राज्य उभे केले, त्याच्या शेवटच्या पिढ्यांना आपली कुळकथा टिकवायला माणसांनी रचलेला डोंगर भरवशाचा वाटला. कंपनी सरकार गेले, तंजावरचे राज्य १८५५ मध्ये खालसा झाले, भिंत आहे.

महामहमचा गेला स्नानसोहळा २०१६ साली झाला, पुढचा २०२८ साली आहे. त्या निमित्ताने कुंभकोणमला जाणाऱ्या मराठी माणसाने तंजावरला एक दिवस जास्त काढावा. तिथल्या बाकीच्या शिलालेखांसाठी जाणकार सोबत लागतो. भोसल्यांच्या या एका लेखासाठी आपली शाळेतली बाराखडी कामी येते.