गेम घेतला, पण ठेवला कुठे?

शिवडीच्या बीडीडी चाळीतली खोली १६० चौरस फुटांची. रोज लागतं ते हाताशी, बाकीचं माळ्यावर, हे तिथल्या पोराला शिकवावं लागत नाही. लॅपटॉपमध्ये मात्र कुणी आई 'पसारा आवर' म्हणून ओरडत नाही. मग सेलमध्ये घेतलेले गेम स्टीमवर, फुकट मिळालेले एपिकवर, एखादा गॉगवर. काय आहे आणि काय नाही, पत्ताच नाही!

एक रविवार काढा. 'प्लेनाइट' हे मोफत सॉफ्टवेअर टाकून तिन्ही खाती जोडा, सगळे गेम एकाच यादीत दिसतील. 'खेळतोय', 'संपला', 'अजून उघडलाच नाही' असे गट पाडा. पुण्याच्या नॉडिंग हेड्सचा 'राजी' (२०२०) शेवटच्या गटात पडून असेल, तर लाज वाटू द्या. खेळताय तेवढेच एसएसडीवर ठेवा. बाकीचे काढले तरी खात्यात राहतात.

कायमचे? इथेच तर गोची आहे. युबिसॉफ्टने 'द क्रू' या रेसिंग गेमचे सर्व्हर ३१ मार्च २०२४ ला बंद केले आणि पैसे मोजलेल्यांनाही तो खेळता येईना. कारण आपण घेतो तो खेळण्याचा परवाना. स्टीमवर पैसे भरताना आता तसं लिहिलेलंच असतं.

गॉगवर मात्र ऑफलाइन इन्स्टॉलर डाउनलोड करता येतो. जिवाभावाचे गेम तिथे मिळाले तर तिथूनच घ्या आणि इन्स्टॉलर वेगळ्या हार्डडिस्कवर ठेवा.

तो आपला माळा. त्याला टाळं दुसरं कुणी लावू शकत नाही.