लिफ्ट बंद पडते तेव्हा...

सकाळच्या घाईत इमारतीची लिफ्ट अर्धा तास बंद पडते आणि सोसायटीचा वॉचमन चार घरांची बोलणी खातो. बिघाडात त्याचा हात नसतो, दुरुस्ती त्याला येत नाही. पण समोर सापडतो तो तोच. दहा मिनिटांत येणारे दूध वीस मिनिटांनी आले, तर दुचाकीवरून आलेल्या मुलाच्या वाट्यालाही हेच येते.

गंमत अशी, की याच घरांतील वडीलधाऱ्यांनी एके काळी टेलिफोनसाठी नंबर लावून वर्षानुवर्षे वाट पाहिलेली असते. दोन दशकांपूर्वी राज्यातील कित्येक शहरांत भारनियमन होते. वीज जाण्याची वेळ ठाऊक असल्याने दळण, पाणी, इस्त्री ही कामे त्याआधी उरकली जात. त्रागा तेव्हाही होई. पण त्यावरून सबंध दिवस नासत नसे.

मग माणसांची सहनशक्तीच आटली काय? मानसशास्त्राचे उत्तर थोडे वेगळे आहे. हार्वर्ड विद्यापीठातील डेव्हिड लेवारी, डॅनियल गिल्बर्ट आणि सहकाऱ्यांचे प्रयोग २०१८ मध्ये 'सायन्स' नियतकालिकात प्रसिद्ध झाले. पडद्यावर एकामागून एक दिसणारा ठिपका निळा आहे की नाही, एवढेच सांगायचे होते. निळे ठिपके हळूहळू कमी केले, तेव्हा आधी ज्यांना जांभळे ठरवले होते त्यांनाच लोक निळे म्हणू लागले. निळे कमी होणार याची पूर्वकल्पना दिली, अचूकतेसाठी पैसे देऊ केले, तरी हा कल गेला नाही. अडचणींचेही असेच होत असावे. मोठ्या विरळ झाल्या, की किरकोळ गोष्टी त्यांच्या जागी जाऊन बसतात.

अमेरिकी मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस यांच्या आणि मराठीत कि. मो. फडके यांनी रुजवलेल्या विवेकनिष्ठ उपचारपद्धतीच्या भाषेत सांगायचे, तर सारा फरक एका 'च'चा आहे. लिफ्ट चालू असावी, ही इच्छा झाली. ती चालू असलीच पाहिजे, हा हट्ट. इच्छा अपुरी राहिली तर माणूस हिरमुसतो, हट्ट मोडला तर खवळतो. इच्छा सोडून देण्याचे कारण नाही. देखभालीचे पैसे भरणाऱ्याने तक्रार जरूर करावी, मात्र ती देखभाल करणाऱ्या कंपनीकडे.

सातव्या मजल्यावरच्या गुडघे दुखणाऱ्या आजींसाठी बंद लिफ्ट ही किरकोळ बाब अर्थातच नव्हे. पण वॉचमनशी भांडायला त्या खाली येऊ शकत नाहीत. भांडतात ते जिने उतरून आलेले.